तिकडचे नऊ

पाचवीला नकाशा शिकवताना मी सुरुवातीचे काही दिवस नकाशा उघडतच नाही. आधी वर्गातले बाक घेते. आडव्या रांगांना आकडे द्यायचे, उभ्या रांगांना अक्षरं. मग हजेरी नावाने घ्यायची नाही. "तिसरी रांग, ग!" म्हटलं की तिथे जो बसलाय त्याने उभं राहायचं. पहिल्या दिवशी निम्मा वर्ग भलताच उभा राहतो. आठवडाभरात मुलांना कळतं की एक आडवी आणि एक उभी रेघ जिथे एकमेकींना छेदतात तिथे एकच जण बसू शकतो, आणि मैत्रिणीशेजारी सरकून बसलं की बाईंना लगेच समजतं. अक्षवृत्त आणि रेखावृत्त म्हणजे एवढंच. पुढचं सगळं पाठांतर आहे, आणि ते मुलं माझ्याशिवायही करतात.

आमची शाळा शनिवार पेठेत आहे, पण पेठेतली मुलं आता तिथे येत नाहीत. ती सकाळी पिवळ्या बसमध्ये बसून लांबच्या इंग्रजी शाळांत जातात. आमच्याकडे येतात ती वॉचमन, रिक्षावाले आणि मेसमध्ये पोळ्या लाटणाऱ्या बायकांची मुलं. बरीचशी विदर्भाकडून आलेली. शिक्षकांच्या खोलीत यावर अधूनमधून हळहळ व्यक्त होते, विशेषतः चहा उशिरा आला तर. मी हळहळत नाही. या मुलांना निदान इतकं तरी ठाऊक असतं की आपण आहोत तिथून लांब आणखी एक ठिकाण आहे आणि तिथे आपलं माणूस आहे. भूगोलाला तेवढं भांडवल पुरतं.

मोबाईल असताना नकाशा कशाला, हा प्रश्न दरवर्षी येतो. "बाई, मॅप लावला की त्यातली बाई सांगते ना, टर्न लेफ्ट." मी म्हणते, सांगू दे की. तिचं चार्जिंग संपलं म्हणजे या बाईकडे या.

आठवीला वेळ शिकवायची असते. पृथ्वी एक अंश फिरायला चार मिनिटं घेते, म्हणून पूर्वेकडे सूर्य आधी उगवतो आणि आधी मावळतो. यंदा एका मुलीला हे मी सांगायच्या आधीच येत होतं. तिची आजी चंद्रपूरकडे असते. "बाई, आजी सांजेला फोन करते तर म्हणते दिवे लागले. अन् इकडे तर उजेडच असते." मी तिला म्हटलं, परीक्षेत हेच लिही, पुस्तकातली व्याख्या नाही लिहिलीस तरी चालेल. तिने अर्थातच दोन्ही लिहिलं.

परदेशासाठी माझं उदाहरण ठरलेलं होतं. माझा मोठा भाऊ कॅलिफोर्नियात राहायचा. "बाईंचा दादा" आठवीच्या प्रत्येक तुकडीला माहीत असायचा. तो आत्ता झोपलाय की उठलाय, हे मुलं मधल्या सुट्टीतसुद्धा आपण होऊन काढायची. दादा गेल्या आषाढात गेला. यंदा उदाहरण बदलावं, असं माझ्या मनात आलं नाही. मनात फारसं काही येतच नव्हतं.

तो गेल्याची बातमी मला शाळेतच कळली, बुधवारी दुपारी. वहिनीने तिच्या इथल्या भावाला फोन केला, त्याने आमच्या मामांना, मामांनी मला. वहिनी म्हणाली होती, मंगळवारी रात्री नऊला, हार्ट अटॅक, जेवून उठल्यावर. मामांनी मला तेच सांगितलं आणि मी घरी जाऊन आईला तेच सांगितलं. तिकडे दिवस असतो तेव्हा इकडे रात्र, हे आमच्या घरात कुणाला माहीत नव्हतं असं नाही. पण प्रत्येकाला वाटलं की वेळ बदलून सांगायचं काम आधीच्याने केलं असणार. मृत्यूची वेळ कानावर आली की कुणी कागद-पेन्सिल घेत नाही. मी भूगोलाची शिक्षिका, मीही घेतली नाही.

त्या दिवशी माझे दोन तास उरले होते. ते घेतले आणि मग निघाले. रडू आलं नाही. अजून आलेलं नाही. सुरुवातीला वाटायचं कधीही येईल, म्हणून पर्समध्ये दोन रुमाल ठेवायची. पुढे एक काढून ठेवला. अंत्यसंस्कार तिकडेच झाले, आम्ही मोबाईलवर पाहिले. मधेमधे नेट अडकायचं तेव्हा पुतण्या हात जोडून तसाच थांबायचा, आणि आई म्हणायची, "झालं का?" मी म्हणायचे, "नाही, अडकलंय."

आई आणि मी धायरीत राहतो, दोघीच. मी लग्न केलं नाही आणि आईने आता त्याबद्दल विचारणं सोडलंय. आईचं वय ब्याऐंशी. त्या मंगळवारी रात्री नऊच्या सुमारास आम्ही जेवायला बसलो होतो. आईने घास घेतला आणि तो खाली उतरेना. ताट सरकवून ती म्हणाली, "कसंतरीच होतंय गं." मी लिंबाचं सरबत करून दिलं. ते थोडं पिऊन ती आडवी झाली. हे माझ्यासमोर घडलेलं आहे, त्यात तिखटमीठ काही नाही.

दुसऱ्या दिवशी मी बातमी सांगितली तेव्हा तिने पहिल्यांदा विचारलं, "किती वाजता?" मी नऊ म्हटलं. "बरोबर नऊलाच माझा घास अडकला," ती म्हणाली, आणि मग रडली.

त्या घासावर आईने वर्ष काढलं, असं मी म्हणेन. भेटायला येणाऱ्या प्रत्येकाला ती हे सांगायची. येणारे म्हणायचे, आईच्या काळजाला कळतंच हो, सात समुद्र मधे असले तरी. आई डोळे पुसायची आणि म्हणायची, "मी जवळ नव्हते त्याच्या. पण मला कळलं. एवढं तरी झालं." त्यानंतर ती चहा घ्यायची, दोन घास खायची. डॉक्टरांनी दिलेल्या गोळ्यांपेक्षा याने तिला जास्त झोप लागायची. मला त्याचं थोडं आश्चर्य वाटायचं, थोडा हेवाही. तिच्याकडे धरायला काहीतरी होतं.

दर महिन्याच्या वद्य द्वादशीला ती दादासाठी एक पान वाढून गॅलरीत ठेवायची, कारण कॅलेंडरवर त्या मंगळवारच्या चौकोनात द्वादशी होती. आमच्या सोसायटीत कावळे कमी आणि कबुतरं फार. कबुतरांना खायला घालू नये, अशी नोटीसही लिफ्टमध्ये लावलेली आहे. एकदा सेक्रेटरी समजावायला आले. आई म्हणाली, "अहो, मी त्यांना बोलवत नाही. ती न बोलावता येतात. आता आपण आलात, तशीच." सेक्रेटरी पुन्हा आले नाहीत. कबुतरं येत राहिली.

जूनमध्ये शाळा सुरू झाली आणि आठवीला पहिलाच धडा वेळेचा आला. मी फळ्यावर नेहमीप्रमाणे उदाहरण लिहिलं. वार आणि वेळ दरवर्षी सुचेल ते लिहिते. यंदा हाताने काय लिहिलं, ते मी लिहून झाल्यावर वाचलं. कॅलिफोर्नियात मंगळवारी रात्रीचे नऊ वाजले आहेत, तर पुण्यात किती वाजले असतील आणि वार कोणता असेल?

मुलं कामाला लागली. तिकडचं रेखावृत्त एकशे वीस पश्चिम, आपल्या प्रमाण वेळेचं साडेब्याऐंशी पूर्व. दोहोंची बेरीज करायची, चाराने गुणायचं, मिनिटांचे तास करायचे. साडेतेरा तास येतात. आपण पूर्वेला, म्हणून मिळवायचे. उन्हाळ्यात तिकडची घड्याळं तासभर पुढे सरकवलेली असतात, ते मी आठवीला सांगत नाही. आहे तो गोंधळ पुरेसा असतो.

चंद्रपूरची मुलगी सगळ्यांत आधी उभी राहिली. "साडेदहा, बाई. सकाळचे."

"आणि वार?"

"मंगळवार."

या गणितात मुलं हटकून इथेच चुकतात. तास बरोबर मिळवतात आणि वार होता तोच ठेवतात. मधे मध्यरात्र येऊन जाते, ती त्यांना दिसत नाही. मी दरवर्षी विचारते तेच विचारलं, "मधे बारा वाजून गेले ना रात्रीचे?"

ती बोटांवर मोजू लागली. "हो बाई. मग बुधवार." बसता बसता ती पुन्हा उठली. "पण तिकडे तर अजून मंगळवारच असते ना, बाई?"

"हो," मी म्हणाले. "तिकडे अजून मंगळवारच."

मी फळ्यावर "बुधवार" लिहून त्याखाली रेघ मारली. मला कळलं ते रेघ मारताना. धक्का वगैरे बसला नाही. घरात एखादी वस्तू कुठे ठेवलीय ते आठवावं, तसं ते सरळ आठवलं. दादा बुधवारी गेला होता. आमच्या बुधवारी, सकाळी. तो उन्हाळ्याचा एक तास वजा केला तरी सकाळच. मी पुढचं गणित घातलं, टोकियोचं.

उलटं गणित बसमध्ये केलं. सिंहगड रोडला गाड्या नेहमीसारख्या तुंबल्या होत्या, वेळ भरपूर होता. इकडे मंगळवारचे रात्रीचे नऊ, म्हणजे तिकडे मंगळवारचीच सकाळ, उन्हाळ्याचा तास धरून साडेआठ. आईचा घास अडकला तेव्हा दादा धडधाकट होता. त्याचा सगळा दिवस अजून व्हायचा होता. घरी येऊन मी गेल्या वर्षीचं कॅलेंडर काढलं, ते दारामागे नव्या कॅलेंडरखाली तसंच लटकत होतं. द्वादशी बुधवारी पहाटे संपलेली होती. तिथी जगभर एकाच क्षणी बदलते, घड्याळं आणि वार तेवढे वेगळे. म्हणजे दादाची तिथी त्रयोदशी.

मी आईला काही सांगितलं नाही. सांगायचं तर तिचा घास तिच्याकडून काढून घ्यावा लागणार होता. न सांगावं तर वर्षश्राद्ध चुकीच्या तिथीला होणार, आणि चुकीच्या तिथीचं त्याला पोचत नाही, असं आई मानते. मी स्वतः यातलं काहीच मानत नाही. पण श्राद्ध माझ्यासाठी नव्हतं. मी दोन्ही बाजू रोज बसमध्ये घोळवायची आणि धायरी आली की उतरायची.

श्राद्ध सांगणारे गुरुजी मामांनी सुचवले होते. पहिल्याच फोनवर त्यांनी विचारलं, "करणार कोण?"

"मी. बहीण. मुलगा तिकडेच असतो."

"करा की. माझी हरकत नाही. कावळा काही आधार कार्ड बघत नाही." मग म्हणाले, मृत्यूचं ठिकाण आणि वेळ व्हॉट्सअ‍ॅप करा, तिथी मी बघतो. मी ठिकाण लिहिलं आणि पुढे, सगळे म्हणत होते तेच लिहिलं: मंगळवार, रात्री नऊ.

दोन-तीन दिवसांनी संध्याकाळी घरी आले तर आई जेवणाच्या टेबलापाशी मेथी निवडत बसली होती. मी पर्स ठेवायच्या आत म्हणाली, "गुरुजींचा फोन आला होता. तू उचलला नाहीस म्हणून इथे केला."

"काय म्हणाले?"

"म्हणाले, आजी, हे नऊ कुठले? इकडचे की तिकडचे? माझे निम्मे यजमान इथेच घोटाळा करतात." तिने एक काडी मोडून बाजूला टाकली. "मी म्हटलं, लेक भूगोल शिकवते, तिला विचारून सांगते. सांग."

इकडचे, असं म्हणता आलं असतं. एक शब्द होता. पण खोटं बोलायलाही माणसाला थोडं काहीतरी वाटावं लागतं, भीती किंवा माया, आणि त्या वेळी मला माझ्यात काही सापडेना. वर्गात कुणी विचारलं असतं तर जसं सांगितलं असतं, तसंच सांगितलं.

"तिकडचे."

"म्हणजे इकडे?"

"बुधवार. सकाळचे साडेनऊ."

"सकाळी," आई म्हणाली. ती पानं खुडत राहिली. "मग तिथी?"

"त्रयोदशी."

"मी वर्षभर द्वादशीला वाढत होते."

"हो."

"बुधवारी सकाळी गॅसवाला आला होता," ती म्हणाली. "सिलिंडर आत आणायला कुरकुरत होता. मी त्याला चांगलं सुनावलं. नंतर शेजारणीला नक्कल करून दाखवली त्याची. हसलो आम्ही." मग तिने मान वर केली. "आणि आदल्या रात्री? मला कसंतरी झालं तेव्हा तिकडे किती वाजले होते?"

"सकाळचे साडेआठ. मंगळवारचे."

"म्हणजे ऑफिसला निघाला असेल."

"हो."

"बरं," आई म्हणाली, आणि निवडलेली मेथी घेऊन उठली.

रात्री ती व्यवस्थित जेवली. एक भाकरी, मेथीची भाजी, थोडा ताकभात. मी तिच्या तोंडाकडे बघत होते. मला भीती वाटत होती. बऱ्याच महिन्यांनी काहीतरी वाटत होतं, आणि ते हे होतं. पण आई झोपायच्या आधी फक्त गुरुजींना त्रयोदशी कळव म्हणाली.

त्यानंतर तिने तो घास कुणालाही सांगितला नाही. वरच्या मजल्यावरच्या काकू भेटायला आल्या, फोनवर वहिनीशी बोलणं झालं, पण तो विषय नाही. तिची झोप कमी झाली. दुपारी बसल्या जागी डुलकी घेते आणि दचकून उठते. मी विचारलं तर म्हणते, वय झालं.

श्राद्ध त्रयोदशीला झालं. गुरुजी वेळेवर आले आणि भरभर सांगत गेले. दर्भाची अंगठी मला सैल होत होती, गुरुजी म्हणाले, चालतंय. मी पिंड केले, पाणी सोडलं. मनात काही येत नव्हतं, हाताने सगळं नीट होत होतं. गॅलरीत पान ठेवलं. कावळा आला की नाही ते मी पाहिलं नाही, मामांनी आल्याचं सांगितलं.

मग पानं मांडली. मामा, मामी, दादाचा शाळेपासूनचा एक मित्र आणि त्याची बायको. तो मित्र वाघोलीहून आला होता आणि इतक्या महिन्यांत पहिल्यांदाच येत होता, त्यामुळे जरा अवघडून बसला होता. आई पलीकडे खुर्चीवर बसली होती. मी खीर वाढत होते. आता काहीतरी बोलायला हवं, असं मामीला वाटलं असावं. ती त्या मित्राच्या बायकोकडे वळून म्हणाली, "आमच्या वन्संना तर तेव्हाच कळलं होतं हो. तिकडे तो गेला आणि इकडे यांचा घास अडकला. बरोबर नऊ वाजता. आईचं काळीज, दुसरं काय. हो ना, वन्सं?"

मित्राची बायको "बाई गं" म्हणाली. मला मामीचा राग आला, खरा राग, हातातलं भांडं आपटावं असा. पण मामीला बिचारीला काय माहीत होतं? तिने वर्षभर आईकडूनच ऐकलेलं होतं.

"नाही," आई म्हणाली.

सगळे तिच्याकडे बघू लागले.

"कळलं-बिळलं काही नव्हतं मला. तो गेला तेव्हा मी शेजारणीबरोबर हसत होते. रात्री नऊला तो चांगला होता. तिकडे सकाळ होती, गाडी चालवत ऑफिसला चालला होता. गाडीतूनच करायचा फोन, जेव्हा करायचा तेव्हा." ती पदर सारखा करत होती. "मला त्याची नुसती आठवण आली होती. फार आली होती. वाटलं, लावावा फोन. मग म्हटलं, कामाला निघाला असेल, कशाला मधेच."

मामी काहीतरी म्हणायला गेली. मामांनी तिच्या हातावर हात ठेवला.

आई माझ्याकडे वळली. "लावला असता तर उचलला असता ना गं त्याने?"

माझ्या हातात खिरीचा डाव होता.

"हो," मी म्हणाले. "उचलला असता."